पहिल्या कॅसेटमधली सिस्टर

"माझ्या आईला तुम्ही ओळखता," खुर्चीत टेकायच्या आधीच ती म्हणाली. "सगळेच ओळखतात."

भाऊजींनी चष्मा सावरून पाहिलं. बाई पस्तिशीची, ऑफिसातून तडक आलेली, गळ्यातलं ओळखपत्र काढायचंही राहून गेलेलं. चेहरा काही ओळखीचा वाटेना. मग तिने मोबाइल टेबलावर ठेवला आणि भाऊजींना उलगडा झाला.

ती क्लिप. गेले दोन आठवडे टीव्हीवर दुसरं काही नव्हतं.

रुग्णालयाची खाट. खाटेवर एक माणूस, डोकं आणि अर्धा चेहरा बँडेजमध्ये. शेजारी एक तरुण नर्स. माणूस पाण्याच्या पेल्याकडे हात नेतो. ती फटका मारून तो हात खाली पाडते, त्याच्या डोक्याखालची उशी ओढून घेते आणि मोकळे केस मागे सारत निघून जाते. आवाज अजिबात नाही. 'छुप्या कॅमेऱ्यात सापडलेली क्रूर सिस्टर' असं वाहिनीने तिचं बारसंही करून टाकलं होतं.

"ही तुमची आई?" मास्तरीणबाईंनी विचारलं.

"चेहरा तिचा आहे. बाकी काहीच तिचं नाही."

मास्तरीणबाई म्हणजे कधीकाळी खरोखरच्या शिक्षिका. उत्तरपत्रिका तपासता तपासता कोणी कोणाचं उतरवलंय ते पकडायची अशी काही चटक लागली, की शाळा सुटली तरी ती सुटली नाही. आता लोक पैसे देऊन त्यांना तेच काम सांगत. भाऊजी त्यांच्या धाकट्या बहिणीचे यजमान. त्यांचा फोटो स्टुडिओ होता. प्रत्येकाच्या खिशात कॅमेरा आला आणि स्टुडिओला टाळं लागलं. दुकानावरची 'कॅमेरा खोटं बोलत नाही' ही पाटी उतरली, भाऊजींच्या डोक्यातली मात्र जागच्या जागी होती.

"काही म्हणा," ते पुटपुटले, "फोटोवाला कसबी होता. फटका मारताना हात बघा, कसा नेमका जवळून घेतलाय."

मास्तरीणबाईंनी त्यांच्याकडे असं पाहिलं, की त्यांनी जीभ चावली.

मुलगी बोलत राहिली. "आईला विसरायला होतं. डॉक्टर म्हणतात, हे वाढत जाणार. तिने आयुष्यभर नोकरी केली, त्यातलं आता फार थोडं उरलंय, आणि जे गेलंय त्या जागी ही क्लिप येऊन बसलीय. दिवसभर तेच बघते. टीव्ही बंद केला तर शेजारच्यांचा ऐकू येतो. आता माझ्या हातून औषधसुद्धा घेत नाही. म्हणते, 'माझ्यासारखीला कशाला?'" ती थांबली. "तिच्या बरोबरीच्या ज्या दोघी-चौघी हयात आहेत, त्या माझा फोन उचलत नाहीत. आणि खरं सांगू? आई पाठमोरी दिसली, की आता मलाही दचकायला होतं. सगळं विसरून जायच्या आत तिला कोणीतरी सांगायला हवं, की ती बाई तू नाहीस. पण त्यासाठी आधी माझी खात्री पटायला हवी ना!"

ती रडली नाही. रडली असती तर भाऊजींना जरा बरं वाटलं असतं.

*

तिसऱ्या मजल्यावरच्या त्या घराच्या दारावर कोणीतरी खिळ्याने शिवी कोरली होती. मुलीने ती कॅलेंडर लावून झाकली होती, पण कॅलेंडर तोकडं पडलं होतं.

आई खिडकीपाशी बसली होती. इस्त्रीची साडी, आखूड नखं, घट्ट अंबाडा.

"बसा हं," ती म्हणाली. "पाणी मुलीच्या हातून घ्या. माझ्या हातून नको."

तिचा आवाज इतका मऊ होता, की भाऊजींना पुढे वाकून ऐकावं लागलं. आजारी माणसाशी आयुष्यभर बोलून आवाजाच्या कडा झिजल्या असाव्यात.

मास्तरीणबाई तिच्याशेजारी बसल्या आणि त्यांनी क्लिप लावली. भाऊजींना ते क्रूर वाटलं.

"सिस्टर, यात काय चुकलंय ते सांगाल?"

आईने क्षणभरही विचार केला नाही. "मनगटाला घड्याळ, बोटांत अंगठ्या. केस मोकळे. खाटेचा कठडा खाली टाकलाय, चाकाला ब्रेक लावलेला नाही. पेला पेशंटच्या हाताला येत नाही. सलाईनची बाटली बघा, खाटेपेक्षा खाली लोंबतेय. मळकं फडकं त्याच्या उशाशी." तिने मान हलवली. "सगळंच चुकीचं केलंय हो या बाईने." आणि मग, अगदी हळू, "ही बाई मीच ना?"

मुलगी उठून स्वयंपाकघरात गेली. आत नळ बराच वेळ वाहत राहिला.

जिना उतरताना मास्तरीणबाई म्हणाल्या, "भाऊजी, 'चूक की बरोबर ते लिहा' या प्रश्नात शून्य मार्क कोणाला पडतात?"

"ढ पोराला."

"ढ पोरगं नुसत्या अंदाजाने निम्मे मार्क मिळवतं. शून्य कोणाला पडतात?"

भाऊजींनी पुढच्या चौकापर्यंत विचार केला आणि मग नाद सोडून दिला.

*

क्लिप ज्या जुन्या व्हिडिओ कॅसेटवरून घेतली, ती वाहिनीच्या वार्ताहराला विकणारा जुना-बाजारवाला आपल्या प्रसिद्धीवर बेहद्द खूश होता. दुकानाच्या दारात प्लास्टिकचा एक मानवी सांगाडा उभा होता. त्याच्या डोक्यावर विकायची टोपी आणि हातात विकायची छत्री.

"हाही त्याच कपाटातला," तो म्हणाला. "जुनं रुग्णालय पाडलं, तेव्हा एक कुलूपबंद कपाट मी उचललं. आत हे साहेब, खडूंचे खोके आणि कॅसेटी. वार्ताहराला जुनं काहीबाही हवं होतं, त्याला दिल्या."

"दिल्या?" मास्तरीणबाईंनी विचारलं. "टीव्हीवर त्याने एकच दाखवली. वर एकचा आकडा होता."

"मी सुटी कॅसेट विकतच नाही. कोण घेणार? रबर लावलेली जोडी सापडली, जोडीच दिली. आत काय आहे ते मी नाही बघत. बघत बसलो तर धंदा कधी करू?"

भाऊजींनी मास्तरीणबाईंना कोपराने खुणावलं. चोर सापडला होता! वार्ताहराने दुसरी कॅसेट दडवली.

वार्ताहर मात्र मुळीच चोरासारखा वागेना. तो तरुण होता, हसतमुख होता आणि बोलता बोलता त्याची नजर भिंतीवरच्या सहा पडद्यांवर फिरत होती.

"दुसरी? होती ना. कोरी निघाली. मशीनमध्ये घालून बटण दाबलं, काळा पडदा. शेवटपर्यंत चालवली, लगेच संपली."

"मागे गुंडाळून घेतली होती ना आधी?" भाऊजींनी विचारलं.

"म्हणजे?"

भाऊजी त्याच्याकडे बघतच राहिले. हा पोरगा जन्मला तेव्हा कॅसेट बाजारातून हद्दपार झाली होती, हे त्यांच्या ध्यानातच आलं नव्हतं.

"सिस्टरशी बोललात?" मास्तरीणबाईंनी विचारलं.

"प्रयत्न केला हो. दार उघडत नाहीत. फोन मुलगी उचलते आणि आपटते. त्यांचा आवाजसुद्धा आम्हाला मिळाला नाही, कोणत्याच वाहिनीला मिळालेला नाही. पण चित्र इतकं बोलकं आहे, की गरज नाही."

"आणि हा छुपा कॅमेरा होता, हे कोणी सांगितलं?"

"समोर कॅमेरा दिसत असताना कोणी असं वागेल का?" तो हसला. हे त्याला खरोखरच पटलेलं होतं.

"कॅसेटी आता कुठे आहेत?"

"क्लिप बघून पेशंटचा मुलगा स्वतःहून आला, त्याला दिल्या, कार्यक्रमातच. स्टुडिओत सगळे रडले."

*

पेशंटचा मुलगा लिफ्ट दुरुस्त करायचा. एका उंच इमारतीच्या गच्चीवर, मोटारीच्या खोलीत तो भेटला. पन्नाशीकडे झुकलेला, ग्रीसने काळे झालेले हात, बोलायला भिडस्त. हत्यारांची पिशवी त्याने खांद्यावरून उतरवलीच नाही.

"मी लहान होतो," लिफ्टवाला म्हणाला. "वडील त्या रुग्णालयात गेले ते परत आलेच नाहीत. लहान मुलांना वॉर्डात सोडत नसत. मी खाली फाटकाशी. घरात त्यांचा एकही फोटो नाही. आई म्हणायची, 'तुझे कान बापाचे आहेत.' तेवढंच."

"आणि क्लिपमधले कान?"

त्याने मोबाइल पुढे केला. पडद्यावर तोच बँडेजमधला माणूस कायमचा लावून ठेवलेला होता. बँडेजबाहेर आलेले कान लिफ्टवाल्यासारखे होते. भाऊजींच्या मते तसे ते पुष्कळांसारखे होते.

"लोक म्हणतात, असलं कशाला बघतोस," तो म्हणाला. "पण हलतात ना ते! पाण्यासाठी हात पुढे करतात. मी त्यांना कधी हलताना पाहिलं नव्हतं."

भाऊजींनी मोबाइल जपून त्याच्या हातात परत दिला.

"दुसऱ्या कॅसेटमध्ये काय होतं?" मास्तरीणबाईंनी विचारलं.

"कोरी होती. टाकून दिली."

"त्या सिस्टरांवर फार राग असेल तुमचा."

"राग..." लिफ्टवाला पिशवीचा बंद चाचपत राहिला. "इतक्या मऊ आवाजाची बाई असं करेल, हे डोक्यात बसत नाही, एवढंच."

मग त्याने मोटार सुरू केली आणि पुढचं बोलणं त्या घरघरीत बुडालं.

रस्त्यावर आल्यावर भाऊजी तडतडले. "वार्ताहर पक्का बेरकी आहे! दुसऱ्या कॅसेटवर काहीतरी होतं आणि त्याने..."

"वार्ताहर मूर्ख आहे, भाऊजी. बेरकी असता तर मला एवढं वाईट वाटलं नसतं," मास्तरीणबाई म्हणाल्या. "तुमच्या स्टुडिओतला व्हीसीआर अजून चालतो?"

*

दुसऱ्या दिवशी दुपारी त्या तिसऱ्या मजल्यावरच्या खोलीत माणसं दाटीने बसली होती. आई खिडकीपाशी, मुलगी तिच्या खुर्चीमागे. वार्ताहर दाराजवळ. लिफ्टवाला कोपऱ्यातल्या स्टुलावर, पिशवी मांडीवर. पहिली कॅसेट घेऊन या, असा मास्तरीणबाईंचा निरोप त्याला गेला होता. भाऊजींनी व्हीसीआरच्या तारा टीव्हीला जोडल्या आणि घाम पुसला.

"ही क्लिप खरी आहे," मास्तरीणबाईंनी सुरुवात केली. "त्यात कोणीही काटछाट केलेली नाही. बाई तीच आहे. हातावर फटकाही तिनेच मारला आहे."

मुलीने खुर्चीची पाठ घट्ट धरली.

"पण कॅमेरा छुपा नव्हता. भाऊजी पहिल्याच दिवशी म्हणाले, फटक्याच्या वेळी हात जवळून घेतलाय. लपवलेला कॅमेरा उठून खाटेजवळ कसा जाईल? कोणीतरी तो उघडपणे हातात धरून पुढे आलं, आणि नर्सने तिकडे पाहिलंसुद्धा नाही. म्हणजे तो तिथे आहे, हे तिला ठाऊक होतं."

भाऊजी एकदम ताठ बसले. आपण गुन्हा उकलला होता आणि आपल्यालाच पत्ता नव्हता.

"मग ती अशी का वागली?" वार्ताहराने विचारलं.

"या सिस्टरांनी मला क्लिपमधल्या चुका घडाघडा सांगितल्या. घड्याळ, अंगठ्या, केस, कठडा, ब्रेक, बाटली. निष्काळजी नर्स एक चूक करेल, दोन करेल. ब्रेक विसरेल, पण कठडा सवयीने वर घेईल. या बाईचं एकही काम चुकूनसुद्धा बरोबर नाही. मी अशा उत्तरपत्रिका तपासल्या आहेत. 'चूक की बरोबर'मध्ये शून्य मिळवायला प्रत्येक उत्तर येत असावं लागतं. सगळे नियम तोंडपाठ असलेली बाईच ते सगळे मोडू शकते."

मास्तरीणबाई वार्ताहराकडे वळल्या.

"कॅसेटी ज्या कपाटात सापडल्या, त्यात सांगाडा होता आणि खडू होते. वॉर्डात खडू कशाला लागतील? ते शिकवण्याच्या वर्गाचं कपाट. ही फिल्म विद्यार्थिनींसाठी होती. आधी चुकीची वागणूक दाखवायची. पाटी नाही, आवाज नाही, म्हणजे मुलींनी आपल्या डोळ्यांनी चुका शोधायच्या. मग दुसरी कॅसेट लावायची: बरोबर कसं वागायचं. त्यात आवाज हवाच, कारण पेशंटशी कसं बोलायचं तेही शिकवायचं होतं. पहिल्या कॅसेटवर एकचा आकडा होता. एक कोण लिहितं? ज्याच्याकडे दोन असतात तो."

"पण दुसरी कोरी होती!" वार्ताहर म्हणाला. "मी स्वतः लावली."

"तुम्ही तिची शेपूट लावलीत," भाऊजी उसळून म्हणाले. "वर्गात शेवटी दुसरी कॅसेट संपली, तशीच कोणीतरी काढून ठेवली. मागे गुंडाळल्याशिवाय पुढचं काय कप्पाळ दिसणार?"

वार्ताहराचं हसू मावळलं.

"तुम्हाला ते माहीत नव्हतं," मास्तरीणबाई कोपऱ्याकडे वळल्या. त्यांचा आवाज खाली आला. "पण यंत्रांशी ज्याचा हात बसलाय त्याला माहीत होतं. त्याने ती घरी नेली, मागे गुंडाळली आणि पाहिली. काल तुम्ही म्हणालात, इतक्या मऊ आवाजाची बाई. क्लिप मुकी आहे. सिस्टर टीव्हीवर कधी बोलल्या नाहीत, फोन घेत नाहीत. वॉर्डात तुम्हाला लहानपणी सोडलं नव्हतं. त्यांचा आवाज तुम्ही कुठे ऐकलात?"

लिफ्टवाल्याने पिशवी पोटाशी ओढली.

"मी पिशवी तपासणार नाही," त्या म्हणाल्या. "तो हक्क मला नाही. पण या बाईंकडे फार वेळ नाही."

लिफ्टवाल्याने पिशवी उघडली, पाने आणि पकडी बाजूला सारल्या आणि तळातून फडक्यात गुंडाळलेली कॅसेट काढली. "घरी ठेवली असती तर कोणीतरी लावली असती," तो म्हणाला.

भाऊजींनी ती यंत्रात सरकवली. चित्र थरथरलं, मग स्थिरावलं.

तीच खाट. तीच नर्स, पण केस टोपीखाली, मनगट मोकळं. कठडा वर, ब्रेक लावलेला. ती पेशंटच्या मानेखाली हात घालून पेला त्याच्या ओठांना लावते. "हळूहळू प्या. घाई नाही. मी आहे इथेच." तोच आवाज, फक्त तरुण.

मग कॅमेऱ्यामागून कोणीतरी बाई म्हणते, "झालं, छान!" आणि पेशंट उठून बसतो. डोक्यावरचं बँडेज टोपीसारखं काढतो आणि पोट धरून हसतो. रुंद, गोल चेहऱ्याचा, चांगला धडधाकट माणूस.

"अगं बाई, हा तर आमचा गाडीवाला!" आई एकदम म्हणाली. तिचा चेहरा उजळला. "ॲम्ब्युलन्सचा. झोपायचं काम म्हटलं, की हा सगळ्यांच्या पुढे!"

मुलीने तिच्या खांद्यावर डोकं टेकलं आणि मघापासून अडवलेलं रडू एकदाचं फुटलं. भाऊजींनी चष्मा काढला. त्यांना वाटलं, संपलं सगळं, जिंकलो.

"मला ही कॅसेट द्या," वार्ताहर घाईने म्हणाला. "आजच दाखवतो. 'क्रूर नव्हे, देवदूत सिस्टर'. सगळीकडे हीच चालेल, बघा."

"म्हणजे आता तुम्हाला दुसरं नाटक हवंय," मास्तरीणबाई म्हणाल्या.

आई अजून पडद्याकडे बघत होती. तिथे आता नुसती पांढरी रेघ थरथरत होती. "किती गोड बोलतेय," ती म्हणाली. "पण हेही करून दाखवलेलंच की. मग मी खरी कशी होते?"

आयुष्यभराच्या नोकरीत ती जशी वागली असेल, तशी कोणी कधी टिपलीच नव्हती.

कोपऱ्यात लिफ्टवाला वाकून बसला होता. "चूक माझी आहे," तो जमिनीकडे बघत म्हणाला. "तुमचे हाल दिसत होते मला टीव्हीवर. दाराचे फोटो दाखवायचे. रोज ठरवायचो, आज देऊन टाकू. पण दिली की तो माणूस उठून हसणार. मग माझ्याकडे काय राहतं? पाणी मागणारा तरी होता." त्याचा श्वास अडखळायला लागला. त्याने शर्टाची कॉलर ओढली.

आई उठली. कोणी काही म्हणायच्या आत ती त्याच्यापर्यंत पोहोचली होती. तिने मांडीवरची पिशवी उचलून खाली ठेवली, वरचं बटण सोडलं, त्याची पाठ भिंतीला टेकवली आणि त्याच्या काळ्या मनगटावर तीन बोटं ठेवली. दुसऱ्या हाताने त्याच्या खांद्यावर हलकेच थोपटत राहिली. "हळूहळू. लांब श्वास घ्या. लाजायचं काय त्यात? माणूस जाणं काही सोपं नसतं." तिला बहुधा तो कोण, हे ठाऊकही नव्हतं. एक माणूस गुदमरतोय, एवढंच तिला दिसत होतं. त्याचा श्वास सावकाश ताळ्यावर आला.

भाऊजींनी चष्मा पुन्हा चढवला. आपण काय बघतोय, हे त्यांना पुरतं कळत होतं.

मुलीलाही कळलं. तिने घाईघाईने मोबाइल काढला, ओल्या डोळ्यांनी तो समोर धरला. "आई, हीच! हीच खरी आहेस तू! थांब, हलू नको, पुन्हा एकदा तस्संच कर. सगळ्यांना दाखवू या."

आईने मान वर करून मोबाइलकडे पाहिलं. तिने लिफ्टवाल्याचं मनगट सोडलं. पदर नीट केला, ताठ उभी राहिली आणि शहाण्या विद्यार्थिनीसारखं विचारलं,

"चुकीचं करून दाखवू, की बरोबर?"